नाणूसचा सेनापती

डिचोली तालुक्यातील कारापूर हे गाव साखळीला अगदी लागून आहे. वाळवंटी नदीच्या काठी, गावातील विठ्ठलापूर या भागात, राणे घराण्याचे विठ्ठलमंदिर उभे आहे. चैत्रातील तेथील उत्सव साऱ्या पंचक्रोशीला ठाऊक आहे. परंतु इतिहासाच्या अभ्यासकाला या गावाचे महत्त्व आणखी एका कारणासाठी वाटते. कारापूर हा एक उंबरठा आहे. येथून पश्चिमेकडे गेले की भातशेती, माडांच्या बागा आणि मांडवीला मिळणारे जलमार्ग लागतात. पूर्वेकडे वळले की एक वाट होंड्यावरून वाळपईला जाते आणि दुसरी केरीवरून चोर्ला घाट चढू लागते. पश्चिमेकडे होड्या, कचेऱ्या आणि तोफा यांचे राज्य असे, पूर्वेकडे पायवाटांचे. या दोन राज्यांमधील झगडा हाच सत्तरीच्या दोन शतकांचा इतिहास होय, आणि त्या झगड्यातील सर्वांत नामांकित पुरुष म्हणजे दीपाजी राणे.

दीपाजींचे नाव गोव्यात आदराने घेतले जाते. पण आदर ही एक गोष्ट आणि आकलन ही दुसरी. दीपाजी शूर होते, एवढे म्हणून त्यांची गाथा संपविली, तर त्यांच्या कर्तबगारीतील मुख्य भाग नजरेआड होतो. शूर पुरुष सत्तरीत पुष्कळ झाले. दीपाजींचे वेगळेपण असे की, ते डोंगरातील युद्ध जाणणारे सेनापती होते. आणि डोंगर काय देऊ शकतो व काय देऊ शकत नाही, याचे भान त्यांच्या युद्धाच्या शेवटात स्पष्ट दिसते.

डोंगर सेनापतीला तीन गोष्टी देतो. पहिली, आडोसा; दुसरी, वेळ; आणि तिसरी, लढाईची जागा निवडण्याचा अधिकार. मैदानात दोन हजारांपुढे दोनशेंचा टिकाव लागत नाही. खिंडीत मात्र दोन हजारांपैकी एका वेळी वीसच पुढे येऊ शकतात, आणि दोनशेंना त्या विसांशी लढायचे असते. परंतु हाच डोंगर सेनापतीला धान्य देत नाही, दारूगोळा देत नाही, खजिना देत नाही. या वस्तू खालच्या गावांतून येतात. म्हणून डोंगरातील सेनापती कितीही स्वतंत्र दिसला, तरी तो खालच्या शेतकऱ्याच्या कणगीवर अवलंबून असतो. हे सूत्र ध्यानात ठेवले म्हणजे 1852 सालचे बंड नीट उलगडते.

सत्तरी म्हणजे सत्तर गावांचा प्रदेश. सह्याद्रीच्या पायथ्यापासून थेट घाटमाथ्यापर्यंत तो चढत गेला आहे. म्हादई येथूनच वाहत येते आणि पुढे तिलाच मांडवी म्हणतात. वाघेरीसारखे डोंगर, दाट अरण्य, पावसाळ्यात दुथडी भरून वाहणारे ओहोळ आणि हिवतापाचे भय, असा हा मुलूख. तिसवाडी, बारदेश आणि साष्टी या जुन्या काबिजादींवर पोर्तुगीज सत्ता सोळाव्या शतकात बसली; पण डिचोली आणि सत्तरी कायमच्या तिच्या हाती आल्या त्या 1781-82 च्या सुमारास, आणि पेडणे तर 1788 साली. म्हणजे दीपाजींच्या बंडाच्या वेळी या नव्या काबिजादींवरील पोर्तुगीज अंमलाला पुरते पाऊणशे वर्षेही झाली नव्हती.

या मुलखात राणे हे केवळ जमीनदार नव्हते. ते मोकासदार होते. गावांच्या उत्पन्नावर त्यांचा हक्क होता, हाताखाली माणसे होती आणि हत्यार बाळगणे ही त्यांची रीतच होती. सावंतवाडीचे भोसले आणि पणजीचे पोर्तुगीज यांच्यामध्ये त्यांचे स्थान असल्यामुळे कधी एकाशी, कधी दुसऱ्याशी मैत्री करून त्यांनी आपले हक्क राखले. नवा मुलूख घेताना पोर्तुगीजांनी तेथील रयतेचा धर्म, रूढी आणि वतने कायम ठेवण्याचे धोरण जाहीरपणे पत्करले होते. डोंगरातील माणसाच्या दृष्टीने हा एक करार होता. सरकारला सारा मिळावा आणि सरकारने घरात, देवळात व वतनात हात घालू नये, असा त्याचा साधा अर्थ.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास हा करार विरत चालला. जमिनीवर वाढीव कर आले. पोशाखासंबंधी निघालेल्या हुकुमांनी लोकांच्या मनात धर्म बुडण्याची शंका उत्पन्न केली. शिपायांकडून स्त्रियांची विटंबना होते, अशी तक्रार गावोगाव ऐकू येऊ लागली. यांपैकी प्रत्येक कारण वेगळे घेतले तर कदाचित बंड झाले नसते. पण कर शेतकऱ्याला लागला, वतनाची चिंता राण्यांना लागली आणि अब्रूची चिंता सर्वांना लागली. तेथे वाड्यावरचा राणे आणि शेतातील कूळ यांचे दुःख काही काळ एक झाले. बंडाला माणसे मिळाली ती या एकीमुळे.

26 जानेवारी 1852 रोजी दीपाजींनी नाणूसचा किल्ला घेतला. नाणूस वाळपईजवळ, म्हादईच्या परिसरात आहे. रायगड किंवा राजगड यांच्यासारखा हा आकाशाला भिडलेला दुर्ग नव्हे. तरीही दीपाजींनी पहिला घाव येथेच घातला, यात त्यांची दृष्टी दिसते. नाणूस हे सत्तरीत रोवलेले पोर्तुगीजांचे ठाणे होते. ते गेले की डोंगरातील सरकारचा डोळाच गेला. शिवाय किल्ल्यात शस्त्रे होती, दारूगोळा होता. आणि आताच पाहिल्याप्रमाणे, डोंगर जे देत नाही ते हेच. पहिल्याच दिवशी दीपाजींनी शत्रूच्या कोठारातून आपली उणीव भरून काढली.

त्यानंतरची हालचालही तशीच जाणतेपणाची होती. किल्ला घेऊन त्यात कोंडून बसणे हा डोंगरातील पुष्कळ बंडांचा घात ठरला आहे. कोंडलेल्या सैन्याला वेढा पडतो, आणि वेढ्यात तोफा व धान्य ज्याच्याजवळ अधिक तो जिंकतो. दीपाजींनी नाणूस हे आपले केंद्र केले, पण युद्ध तेथे थांबू दिले नाही. त्यांच्या टोळ्यांचे हल्ले दक्षिणेकडे केपे, काणकोणपर्यंत पोहोचले. नकाशावर पाहिले तर हे अंतर मोठे आहे. परंतु सह्याद्रीच्या पायथ्याची जंगलपट्टी उत्तरेपासून दक्षिणेपर्यंत अखंड पसरली आहे, आणि जो त्या पट्टीतून चालतो त्याला पणजीच्या सरकारी रस्त्याची गरज पडत नाही.

त्या वेळी गोव्याचे गव्हर्नर जनरल होते जुझे जुआकीं जानुआरियु लापा. ते स्वतः लष्करी पेशाचे होते. तरीही त्यांच्यापुढील अडचण साधी नव्हती. सैन्य पणजीहून निघाले की काही अंतर नदीतून जाई. पुढे मात्र प्रत्येक गोणी आणि प्रत्येक काडतूस माणसाच्या डोक्यावरून न्यावे लागे. जूनपासून सप्टेंबरपर्यंत पाऊस; मग चिखल आणि ताप. सत्तरीत कुमक ठेवावी तर केपे उघडे पडावे. केप्याकडे पाठवावी तर सत्तरी मोकळी राहावी. डोंगरातील सेनापती शत्रूला हरवतो त्यापेक्षा अधिक त्याला थकवितो. साडेतीन वर्षे हे थकविणे चालले.

परंतु येथे दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. या साडेतीन वर्षांत पणजी एकदाही हातची जाण्याच्या बेतास आली नाही. समुद्र, बंदर, जकात आणि जुन्या काबिजादीतील बहुसंख्य वस्ती ही सरकारच्या बाजूस किंवा निदान स्वस्थ राहिली. तेथेही असंतोष नव्हता असे नाही. 1787 साली कांदोळीच्या पिंटो मंडळींच्या घरी शिजलेल्या कटात ख्रिस्ती धर्मगुरू आणि देशी लष्करी अधिकारी सामील होते, आणि त्यातील पंधरा जणांना देहान्त शासन झाले. म्हणजे गोव्यातील ख्रिस्ती माणसालाही परकी सत्तेचा काच होताच. पण किनाऱ्यावरचा असंतोष आणि डोंगरातील असंतोष यांची गाठ कधी पडली नाही. एकाची भाषा वर्ण, बढती आणि चर्चमधील अधिकारपदे यांची होती. दुसऱ्याची वतन, देऊळ आणि साऱ्याची. दीपाजींचे युद्ध डोंगरात अजिंक्य होते. डोंगराबाहेर त्याला पाय नव्हते.

आणखी एक संकट उत्तरेस उभे होते. सावंतवाडी संस्थानाचा कारभार 1838 पासून इंग्रजांनी आपल्या हाती घेतला होता. तेथे 1844-45 साली फोंड सावंत आदींनी मनोहरगडाच्या आश्रयाने बंड केले, तेव्हा इंग्रजांनी औट्रामसारख्या अधिकाऱ्याच्या हाताखाली पलटणी पाठवून ते मोडले. पळालेल्या बंडवाल्यांनी गोव्याच्या हद्दीत आश्रय घेतला. सत्तरीपासून हे डोंगर फार दूर नाहीत. घाटावर बेळगाव हे इंग्रजांचे मोठे लष्करी ठाणे होते. सरहद्द ही डोंगरातील योद्ध्याची पाठीमागची वाट असते. पण पलीकडचा धनी बलाढ्य असला तर तीच वाट केव्हाही बंद होऊ शकते. सात-आठ वर्षांपूर्वीचे हे उदाहरण दीपाजींच्या पिढीसमोर घडले होते.

1855 साली तडजोड झाली. बंडात सामील झालेल्यांना माफी मिळाली, जुन्या हक्कांना मान्यता मिळाली, धर्म आणि रूढी यांत ढवळाढवळ न करण्याचे आश्वासन मिळाले आणि दीपाजींना कॅप्टन हा मानाचा हुद्दा देण्यात आला. लापा यांची कारकीर्दही त्याच वर्षी संपली. ज्याला सरकार बंडखोर म्हणत होते, त्यालाच सरकारने आपल्या लष्करातील पदवी दिली, ही गोष्ट पणजीच्या कचेऱ्यांतील कित्येकांना खचितच रुचली नसेल.

याच जागी दीपाजींवर आक्षेप घेण्यात येतो. स्वातंत्र्यासाठी उचललेले शस्त्र मानाच्या पदवीवर खाली ठेवले, हा कसला विजय, असे विचारले जाते. आक्षेप गंभीर आहे आणि तो टाळून चालणार नाही. दीपाजी हे वतनदार होते. त्यांच्या लढ्यात स्वतःच्या घराण्याचे हित होते, हे नाकारण्यात अर्थ नाही. विसाव्या शतकातील राष्ट्रीय स्वातंत्र्याची कल्पना 1852 सालच्या मोकासदाराच्या तोंडी घालणे हा इतिहासाचा विपर्यास होईल. परंतु सेनापतीच्या कामगिरीचे मोजमाप करावयाचे तर त्याने युद्ध कोणत्या क्षणी आणि कोणासाठी थांबविले, हेही पाहावे लागते. त्यासाठी एक उदाहरण दूर युरोपातून घेता येईल. तेथील सेनापतीचे शिक्षण दीपाजींपेक्षा शतपट अधिक होते, आणि शेवट अगदी उलट झाला.

दुसऱ्या महायुद्धात जर्मनीजवळ पर्वतयुद्धासाठी खास तयार केलेल्या डिव्हिजन होत्या. आल्प्स पर्वतात फुलणारे एडलवाइस हे फूल त्यांचे चिन्ह होते. सुटी करून खेचरांवर लादता येणाऱ्या तोफा, दोर, बर्फावरून घसरत जाण्याच्या पट्ट्या, कडे चढण्याचे शिक्षण, असा सारा सरंजाम त्यांच्यापाशी होता. त्यांतील पहिल्या पर्वतीय डिव्हिजनचे नेतृत्व 1940 पासून 1942 च्या अखेरीपर्यंत ह्यूबर्ट लान्झ या सेनापतीकडे होते. 1896 साली जन्मलेला हा अधिकारी पहिल्या महायुद्धातही लढला होता.

1942 च्या उन्हाळ्यात लान्झची डिव्हिजन कॉकेशस पर्वतात शिरली. 21 ऑगस्ट रोजी तिच्या व चौथ्या पर्वतीय डिव्हिजनच्या निवडक गिर्यारोहकांनी 5642 मीटर उंचीच्या एल्ब्रुस शिखरावर जर्मन निशाण रोवले. जगभर त्याची छायाचित्रे गेली. परंतु युद्धाच्या दृष्टीने त्या निशाणाचा उपयोग काय झाला? जावयाचे होते काळ्या समुद्राच्या काठच्या सुखुमीला. खिंडी हाती आल्या, पण पलीकडची उतरण पार करता आली नाही. रसद मैलोगणती मागे राहिली, हिवाळा आला, आणि 1943 च्या आरंभी जर्मन सैन्याला कॉकेशस सोडावे लागले. शिखर जिंकले आणि मोहीम हरली. डोंगर आडोसा देतो, धान्य देत नाही, हा सत्तरीतील नियम कॉकेशसमध्येही खरा ठरला.

पुढे फेब्रुवारी 1943 मध्ये खारकोव्ह शहर हातचे गेले तेव्हा लान्झला तेथील पदावरून दूर करण्यात आले. त्याच वर्षी ग्रीसच्या एपिरस या डोंगराळ प्रांतात बाविसाव्या पर्वतीय कोअरचे आधिपत्य त्याला मिळाले. आता त्याची भूमिका फिरली होती. डोंगरात लपून लढणारे ग्रीक गनीम होते आणि तो त्यांना निपटू पाहणारा परका सेनापती होता. गनिमाला अन्न कोठून मिळते हे तो जाणत होता; ते गावांतून मिळते. म्हणून शिक्षा गावांना होऊ लागल्या. घरे जाळण्यात आली, ओलीस धरलेले नागरिक मारले गेले. सप्टेंबर 1943 मध्ये इटलीने शरणागती पत्करल्यावर केफालोनिया बेटावरील इटालियन डिव्हिजनने जर्मनांना शस्त्रे देण्याचे नाकारले. लढाईनंतर ती शरण आली, तेव्हा तिच्या सैनिकांची व अधिकाऱ्यांची मोठ्या प्रमाणावर कत्तल झाली. तिचा सेनापती गांदिन यालाही 24 सप्टेंबर रोजी गोळ्या घालण्यात आल्या.

युद्धानंतर न्यूरेंबर्ग येथील न्यायासनापुढे लान्झ उभा राहिला. साऱ्याच डिव्हिजनला ठार करण्याच्या आज्ञेला आपण विरोध केला होता, असा त्याचा बचाव होता. फेब्रुवारी 1948 मध्ये त्याला 12 वर्षांची शिक्षा झाली. 1951 साली त्याची सुटका झाली आणि 1982 साली तो वारला. पर्वतयुद्धाची कला त्याला उत्तम अवगत होती, याविषयी त्याच्या शत्रूंनाही शंका नव्हती. न्यायासनाने त्याला विचारलेला प्रश्न वेगळा होता: डोंगराच्या पायथ्याशी राहणारी आणि शस्त्र खाली ठेवलेली जी माणसे तुझ्या हाती होती, त्यांचे तू काय केलेस?

दीपाजी आणि लान्झ यांची बरोबरी करण्याचा येथे हेतू नाही. एक शेकडो माणसांचा नायक, दुसरा हजारोंचा अधिपती. एक स्वतःच्या डोंगरात लढला, दुसरा परक्यांच्या. पण न्यूरेंबर्गचा तो प्रश्न दीपाजींनाही विचारता येतो. सत्तरीचे युद्ध आणखी लांबले असते तर त्याचा भार कोणावर पडला असता? टोळ्यांना धान्य लागे, पैसा लागे, आणि तो गावांतूनच उभा करावा लागे. मागून सरकारी फौज येई, आणि बंडवाल्यांना अन्न का दिले म्हणून त्याच गावांना जाब विचारी. दोन्हीकडून पिळला जाई तो कूळ. साडेतीन वर्षे त्याने हे सोसले. आणखी तीन वर्षे तो सोसू शकला असता काय?

म्हणून 1855 च्या तडजोडीतील पहिले कलम पदवीचे समजू नये, माफीचे समजावे. सेनापतीला मान मिळाला ही गोष्ट लहान. त्याच्यामागे गेलेली माणसे आपापल्या शेतांवर परत जाऊ शकली ही गोष्ट मोठी. पणजी घेता येणार नाही, हे ओळखून आणि आपले बळ अजून शाबूत असताना, त्यांनी आपल्या बळाचे अटींत रूपांतर केले. थकलेल्या शत्रूशी वेळेवर बोलणी करणे हाही युद्धकलेचाच भाग आहे. हरल्यावर मागितलेली माफी ही भीक असते. न हरता मिळविलेली माफी हा तह असतो.

अर्थात तहाने प्रश्न मिटला नाही, तो पुढे ढकलला गेला. सरकारी आश्वासने पाळली जातात की नाहीत, हे पाहणारी सत्ता सत्तरीजवळ नव्हती. होती ती केवळ बंदूक. 1869 साली कुष्टोबा राणे उठले आणि 1871 मध्ये मारले गेले. त्याच वर्षी गोव्याचे जुने देशी सैन्य बंडाळीनंतर बरखास्त झाले. 1895 साली मोझांबिकच्या युद्धावर जाण्यास नकार देऊन मराठा शिपाई निघाले ते थेट नाणूसला गेले. दादा राणे त्यांना मिळाले, आणि ते बंड शमविण्यासाठी पोर्तुगालच्या राजाचा भाऊ आफोंसु सैन्य घेऊन गोव्यात आला. दादा राणे यांच्या वाट्यास तिमोरची हद्दपारी आली. 1912 साली पुन्हा एकदा राणे उठले. प्रत्येक पिढीला दीपाजींचे धाडस आठवले. त्यांची सावधगिरी मात्र सर्वांनाच साधली नाही, आणि काळही पालटला होता. तारायंत्र आले, आगगाडी आली, आगबोटीतून महिन्याभरात युरोपातून सैन्य येऊ लागले. डोंगराने दिलेली वेळ कमी कमी होत गेली.

शेवटी 19 डिसेंबर 1961 रोजी गोवा मुक्त झाला, तेव्हा तो सत्तरीच्या एकट्या बळावर झाला नाही. किनारा आणि डोंगर, ख्रिस्ती आणि हिंदू, सत्याग्रही आणि सैनिक यांची जी गाठ 1787 मध्ये पडली नाही आणि 1852 मध्येही पडली नाही, ती विसाव्या शतकात पडू लागल्यानंतरच हे घडून आले. दीपाजींच्या युद्धातील उणीव कोठे होती, याचे उत्तर यात मिळते. आणि त्यांचे मोठेपण कोठे होते, याचे उत्तर 1855 सालच्या त्या पावसाळ्यात मिळते. सत्तरीच्या कुळांनी त्या वर्षी आपली शेते स्वतः लावली, आणि रात्री दाराशी कोणाची पावले वाजतील या धास्तीवाचून ती झोपली. डोंगरातील सेनापतीला याहून मोठे निशाण कोठे रोवता येत असेल, असे वाटत नाही.